सहावा फर्मा

शनिवारी सकाळी शटर वर गेलं, उजेड आत सांडला आणि बाईंची नजर पडली ती कटिंग मशीनखाली साठलेल्या कातरणीच्या ढिगावर. ढिगावर एक पुस्तक उताणं पडलं होतं. लाल कापडाची पाठ, करडे पुठ्ठे. बाईंना इंग्रजी पुस्तकं नावानं ओळखता येत नसत, पण आपल्या हातचं पुस्तक त्यांनी शंभरात मागूनसुद्धा ओळखलं असतं. हे त्यांनीच बांधलं होतं, महिन्यापूर्वी, दाभणला हातही लावू न देता. दाभण म्हणजे बाइंडिंगखान्यातला जुना कारागीर. तीस वर्षं फर्म्यांना भोकं पाडून पाडून त्याचं खरं नाव त्याच्या बायकोच्याही लक्षात राहिलं नसावं. त्या दिवशी तो म्हणाला होता, "द्या इकडं बाई, तुमचे डोळे दुखतात." त्यावर बाई म्हणाल्या होत्या, "माझे डोळे दुखतात, तुझं लक्ष दुखतं. सुनेचं पुस्तक आहे, मीच शिवणार." आणि आता ते सुनेचं पुस्तक कातरणीत, लगद्याला जायच्या मालात. बाईंना वाटलं, आपल्याला कुणीतरी भर बाजारात हाताला धरून बाहेर काढलं. तोच जिन्यावर पावलं वाजली. वर घर, खाली कारखाना, त्यामुळे घरातलं कोण कुठल्या मनःस्थितीत उतरतंय ते बाईंना पायरीवरूनच कळायचं. ही पावलं रात्रभर न झोपलेली होती.

"हे कुणी टाकलं इथं?"

"मी टाकलं, आई."

"का? शिवण उसवली?"

"शिवणीला काय धाड भरलीय? माझंच डोकं उसवलंय." सून पायरीवरच बसली. "तेरा दिवस झाले, एका प्रकरणावर अडकलेय. ऐंशी पानांपर्यंत सगळं कसं पाण्यासारखं कळत होतं. त्यापुढं एक ओळ समजेना. माझी धाव तेवढीच. दुपारी तीनला जाऊन सरांना सांगून येते, माझी जागा दुसऱ्या कुणाला तरी द्या म्हणून. सोमवारपासून परत दवाखान्याच्या खिडकीवर. नाव, वय, कुठं दुखतंय."

"बघ बाई," असं म्हणून बाईंनी थांबायला हवं होतं. पण जीभ म्हणजे काय, एकदा धार लावली की भाजी समोर नसली तरी चालते. "सोळा इयत्ता शिकलीस आणि एका पुस्तकानं आडवी केली? पुस्तक काय चावतं का? आम्ही बरे, तिसरीतच सुटलो."

सून पायरीवरून उठली. ती वर गेली, आणि जाणाऱ्या पावलांचा आवाज बाईंना नीट आवडला नाही. पण खरं सांगायचं तर (आणि बाई स्वतःशी खोटं बोलत नसत, तेवढा वेळच नसायचा) त्या आवाजाच्या आधी, अगदी सुनेचं "समजेना" ऐकलं त्या क्षणी, पोटात कुठंतरी एक गोड कढ येऊन गेला होता. ही सून घरात आल्यापासून बाई 'फाईल'ला 'फायल' म्हणाल्या की ती आवाज न चढवता, मायेनंच, पुन्हा बरोबर म्हणायची. मायेनं सुधारलेलं जास्त झोंबतं. तर अशीही कुठंतरी अडते म्हणायची. गोड कढ ओसरला आणि मागे नुसती जळजळ राहिली. बाईंनी पुस्तक उचललं, कातरणीचे कपटे झटकले आणि ते टेबलावर आपल्या जागी, खिडकीखाली ठेवलं. दाभण आला, डबा ठेवला, पुस्तकाकडे पाहिलं, बाईंकडे पाहिलं आणि शहाण्यासारखा सरस गरम करायला गेला.

ही पुस्तकं घरात आली तो दिवस बाईंना चांगला आठवत होता. दोन होती. जुन्या पुस्तकांच्या दुकानातून सुनेनं ती पिशवीत घालून आणली तेव्हा त्यांना पाठच उरली नव्हती, फर्मे दोऱ्याला लोंबत होते. एका मोठ्या कागदावर छापून घड्या घातल्या की सोळा पानांचा एक फर्मा होतो, आणि असे फर्मे एकावर एक रचून शिवले की पुस्तक होतं. एवढं ज्ञान बाईंच्या मते सगळ्या ज्ञानाचा पाया होता, कारण त्याखेरीज बाकीचं ज्ञान वाऱ्यावर उडून गेलं असतं. सून केवढ्या उत्साहानं बोलत होती त्या दिवशी. दोन्ही एकाच लेखकाची, एकाच मापाची, एकाच छापाची. पहिल्यात यंत्राला काम सांगायची एक निराळी रीत शिकवलेली. दुसऱ्यात, ती रीत वापरून स्वतःची नवी भाषा कशी रचायची ते. सरांच्या गटात सात माणसं अशीच एक भाषा बनवत होती आणि त्यांना आठवं माणूस हवं होतं. सर म्हणाले होते, दोन्ही पुस्तकं पचवून ये. "म्हणजे कसली रीत?" बाईंनी दोरा ओढता ओढता विचारलं होतं. तसं त्या कुणाला काही विचारत नसत, पण हात चालू असले की तोंडातून निसटतं. सून म्हणाली होती, "म्हणजे आई, एकदा एखादी गोष्ट ठेवली की ती बदलायची नाही. वेगळी हवी असेल तर नवी करायची, जुनी आहे तशीच राहते." "मग संसारात नाही चालायची ही रीत," बाई म्हणाल्या. सून हसली. "आणि प्रत्येक काम असं, की जे हातात दिलं त्यावरच चालायचं. तेच दिलं तर दर वेळी तेच बाहेर. जाता जाता इकडंतिकडं कशाला हात लावायचा नाही." तेव्हा मात्र बाईंनी सुई थांबवून चष्म्यावरून पाहिलं होतं. "अशी मोलकरीण कुठं मिळते ते लिहिलंय का त्यात?" दोघी इतक्या हसल्या की दाभणनं मशीन बंद करून विचारलं, काय झालं म्हणून. तसं हसणं त्यानंतर घरात झालं नव्हतं.

बाईंनी आधी पाठ वाकवून पाहिली. मग शिवण. मग फर्म्यांच्या सांध्यांवरचे पानांचे आकडे, अंगठ्यानं पानं सोडत: सोळा, सतरा, बत्तीस, तेहेतीस, असं करत ऐंशी, एक्क्याऐंशी, शहाण्णव, सत्त्याण्णव. आकडे तेवढे त्यांना सगळ्या भाषांतले यायचे. रांग सरळ होती, कुठे खोट नव्हती. पुस्तक बाजूला ठेवून दिवसाच्या कामाला लागायचं. पण त्यांनी ते ठेवलं नाही. काय आहे तरी काय यात, ज्यानं सोळा इयत्ता शिकलेली पोरगी पायरीवर बसवली? चाळीस वर्षं शिकल्यासवरल्यांची पुस्तकं आपल्या सुईखालून गेली, वैद्यकीची, कायद्याची, ताऱ्यांची. आपण त्यांची पाठ पाहिली, पोट कधी पाहिलं नाही. शिंपी थोडाच विचारतो की हा कोट घालून तू कुणाच्या लग्नाला जाणार. बाईंनी पान उघडलं. इंग्रजी मजकूर म्हणजे त्यांना मुंग्यांची रांग. तो सोडून दिला. पण मजकुराच्या मध्ये मध्ये, थोडं आत ढकलून, वेगळ्या ठशात काहीतरी होतं: दोन ओळी, पाच ओळी, पायऱ्यापायऱ्यांनी उतरत जाणाऱ्या. आणि त्यांत कंस. गोल कंस, जिकडंतिकडं. एक उघडला, त्याच्या पोटात दुसरा, त्याच्या पोटात तिसरा, आणि ओळ संपता संपता तिन्ही एकापाठोपाठ मिटलेले. त्यांनी पेन्सिलीच्या टोकानं मोजायला सुरुवात केली. उघडणारे चार, मिटणारे चार. पुढच्यात सात नि सात. पुढं एक भलामोठा, अर्धं पान खाणारा; त्यात एकोणीस उघडले होते आणि शेवटच्या ओळीच्या टोकाला मिटणाऱ्यांची नुसती झिम्मड उडाली होती, पण मोजले तर एकोणीसच. बाईंना हे भयंकर आवडलं. दोरा ज्या भोकातून आत गेला त्याच्या जोडीच्या भोकातून बाहेर आलाच पाहिजे, नाहीतर शिवण कसली. हा लिहिणारा कुणी का असेना, बाई असावी, पुरुषाला एवढा धीर नसतो. डब्याला झाकण लावल्याशिवाय दुसरा डबा उघडायची नाही, अशी कुणी. दाभणनं दोनदा हाक मारली, वह्यांच्या पुठ्ठ्याला निळं कापड की काळं. "तुला हवं ते," बाई म्हणाल्या, आणि तीस वर्षांत हे पहिल्यांदाच ऐकल्यानं दाभण जरा वेळ दोन्ही कापडं हातात धरून उभाच राहिला.

अशी त्यांनी ऐंशी पानं मोजली. अकरा वाजले, बारा वाजले. एका ठिकाणी मिटणारा कंस एक कमी निघाला. पुन्हा मोजलं तर आपणच एक वगळला होता. काही समजत नव्हतं आणि तरी काहीतरी समजत होतं. सगळ्यात आतला कंस सगळ्यात लहान, त्याच्यात दोनतीनच खुणा. त्याचं आधी आटपत असणार, मग त्याच्या बाहेरच्याचं, मग त्याच्याही बाहेरच्याचं. असंच असेल का? की आपलं आपणच काही रचतोय? विचारावं कुणाला? वरच्या मजल्यावर एक माणूस होतं, पण त्याला सकाळीच तोडून ठेवलं होतं. मग एक्क्याऐंशीवं पान आलं. नवं प्रकरण, वर मोठा आकडा. आणि कंस गेले. अगदी झाडून गेले. त्यांच्या जागी बाण, डावीकडून उजवीकडे, उभ्या रेघा, एका पानावर उलटं झाड, मूळ वर नि फांद्या खाली. बाईंनी पान उलटलं, आणखी एक उलटलं. हे तर दुसऱ्याच कुणाच्या घरात शिरल्यासारखं झालं. लिहिणारीला मधेच काय लागीर झालं? तेरा दिवस, सून म्हणाली होती. ऐंशीपर्यंत पाण्यासारखं. त्यांनी घाईनं सोळा पानं ओलांडली आणि सत्त्याण्णवावं पान उघडलं. पानाच्या अगदी वर, पहिल्याच ओळीत, चार कंस मिटत होते. चार. उघडलेला एकही नव्हता.

माणसाला पडायला उंची लागत नाही, खुर्चीत बसल्या बसल्यासुद्धा पडता येतं. बाई खुर्चीत बसल्या होत्या आणि पडत होत्या. महिन्यापूर्वीचं टेबल त्यांना दिसलं, डावीकडे एका पुस्तकाचे फर्मे, उजवीकडे दुसऱ्याचे, एकच कागद, एकच ठसा, पानावर कुठंही पुस्तकाचं नाव नाही, खाली नुसता आकडा. मधेच टेलिफोन वाजला होता. परत येऊन त्यांनी सहावा फर्मा उचलला, एक्क्याऐंशी ते शहाण्णव, आकडा बरोबर, दर फर्म्याला एकेक पायरी खाली उतरणारी पाठीवरची काळी खूणही बरोबर पायरीवर; दोन्ही पुस्तकांत ती एकाच पायरीवर असते. त्या तडक वर गेल्या. सून स्वयंपाकघरात होती, नळ चालू होता. फळीवरून दुसरं पुस्तक त्यांनी काढलं. ते अजून कुणी उघडलंच नव्हतं, पानं एकमेकांना चिकटून होती. ऐंशीव्या पानावर बाण. एक्क्याऐंशीपासून कंसच कंस. शहाण्णवाव्याच्या तळाशी एक ओळ अर्धवट तुटलेली, तिच्यात चार कंस उघडे, आ वासून. सत्त्याण्णवावर पुन्हा बाण. पुस्तक काखेत मारून बाई खाली आल्या आणि दोन्ही दाभणसमोर ठेवून फक्त बोट लावलं. चाळीस वर्षं या कारखान्यात एक वाक्य होतं, गिऱ्हाइकाला, कामगाराला, मेलेल्या नवऱ्यालासुद्धा ऐकवलेलं: माझ्या हातून फर्मा चुकत नाही.

"आकडा तर बरोबर आहे," दाभण हळूच म्हणाला.

"आकडा बरोबर आहे म्हणूनच तर मेले ना मी."

"मग असं करा बाई. माझं नाव सांगा. माझ्या नावाला आधीच भोकं आहेत, आणखी एकानं काय होतंय."

दोन वाजून गेले होते. दाभणचा सल्ला झिडकारण्याइतका वाईट नव्हता. दाभण वाद घालणार नव्हता, सून दाभणला बोलणार नव्हती, बाईंचा पोरगा, सुनेचा नवरा, हसून सोडून देणार होता. किंवा त्याहून सोपं: काहीच सांगायचं नाही. आत्ता दोन्ही उसवायची, फर्मे जागच्या जागी, सरस, दाब, आणि पुस्तक परत फळीवर. पण फळीवरच्या पुस्तकाला कोण विचारतंय? ती तीनला जाऊन नाही म्हणून येणार. सोमवारी नाव, वय, कुठं दुखतंय. आणि मग जन्मभर, जेव्हा जेव्हा काही अवघड समोर येईल, तिच्या आत कुणीतरी म्हणेल, तुझी धाव ऐंशी पानांची. हे बाईंना कुणी सांगायला नको होतं. तिसरीत असताना त्यांना गोवर आला होता. सव्वा महिना अंधाऱ्या खोलीत पडून त्या शाळेत परत गेल्या तेव्हा फळ्यावर भागाकार होता. गुणाकारापर्यंत त्या वर्गात सगळ्यांच्या पुढं. गुरुजींनी उभं केलं, विचारलं, मग म्हणाले, हिच्या डोक्यात भुसा भरलाय. वडिलांनाही तेच सांगितलं. वडील म्हणाले, मग कशाला जागा अडवायची. एवढंच. रडारड नाही, काही नाही. पन्नासेक वर्षं होऊन गेली, आणि या पन्नासेक वर्षांत बाईंनी कारखाना वाढवला, माणसं राबवली, भल्याभल्यांना पाणी पाजलं, पण भुशाबद्दल कधी शंका घेतली नाही. उलट त्यावरच सगळं रचलं. आम्ही अडाणी म्हणून तर इतक्या चोख. आणि आज, टेबलावर हात ठेवून बसल्या असताना, त्यांना तो फळा दिसला, त्यावरचा भागाकार दिसला आणि प्रथमच असं वाटलं की त्या सव्वा महिन्यात मध्ये काय झालं होतं, काय शिकवून झालं होतं, ते जरा पाहायला हवं होतं. कुणीतरी पाहायला हवं होतं. असल्या विचारांनी सरस वाळत नाही, असं म्हणून त्यांनी तो झटकला. तो गेला नाही, जरा सरकून बसला.

जिन्यावर पावलं वाजली. सून चप्पल हातात घेऊन उतरत होती, खांद्याला पिशवी. पावणेतीन.

"येते आई. तासाभरात परत येईन."

"थांब."

"उशीर होतोय. आणि प्लीज, आता पुन्हा बोलू नका काही. सकाळचं पुरे झालं."

"सकाळचं मी मूर्खासारखं बोलले," बाई म्हणाल्या. सुनेच्या हातातली चप्पल हातातच राहिली. पाठीमागे दाभण खोकला, म्हणजे अजून वेळ आहे, माझं नाव घ्या. बाईंना ते नाव जिभेच्या टोकावर आलेलं जाणवलं, गुळगुळीत, सोयीचं. त्यांनी ते गिळलं. "तुझं डोकं शाबूत आहे. चूक माझी आहे. मी सहावा फर्मा चुकवला. दोन पुस्तकांचे सहावे फर्मे अदलाबदल करून शिवले मी. तू तेरा दिवस पहिल्या पुस्तकात दुसऱ्याची सोळा पानं वाचत होतीस. ब्रह्मदेवाला कळली नसती."

सून जवळ आली. तिनं दोन्ही पुस्तकं पाहिली, इकडचं पान, तिकडचं पान. तिचा चेहरा आधी पांढरा झाला, मग लाल झाला. बाई वाट पाहत राहिल्या. जे काय येईल ते अंगावर घ्यायचं, खाली वाकायचं नाही आणि उलटही बोलायचं नाही, असं त्यांनी ठरवलं होतं. दुसरं जास्त अवघड होतं.

"तेरा दिवस," सून म्हणाली. आवाज फाटला होता. "तेरा दिवस मी बाथरूममध्ये नळ सोडून रडले. तुम्हाला माहितेय?"

"आता कळलं."

"ऐंशीच्या पुढं बाण कुठून आले, मला वाटलं मागं कुठंतरी सांगितलं असेल, माझ्याच लक्षात राहिलं नसेल. चार वेळा पहिल्यापासून वाचलं." मग ती एकदम थांबली. "पण तुम्हाला कसं कळलं? तुम्हाला तर..."

"इंग्रजी येत नाही, बोल की. नाहीच येत. कंस मोजले." बाईंनी पेन्सिल उचलून सत्त्याण्णवाव्या पानाच्या माथ्यावर टेकवली. "ही लिहिणारी बाई कधी एक झाकण उघडं ठेवायची नाही. ऐंशी पानं मोजली मी, एक उघडं नाही. आणि इथं चार मिटतायत, ज्यांना उघडलंच नाही कुणी. हे तिच्या हातून होणार नाही. म्हणजे माझ्या हातून झालं."

"ऐंशी पानं मोजलीत?"

"मग काय करणार? वाचता येत नाही." आणि मग, हात चालू नसतानाही, तोंडातून निसटलं, "आतल्याचं आधी आटपत असेल ना? मग बाहेरच्याचं?"

सुनेनं पुस्तकावरची नजर उचलून त्यांच्याकडे पाहिलं. "हो," ती म्हणाली. "आतल्याचं आधी."

दाभणनं न सांगता चाकू पुढं केला. बाईंनी आपल्याच हातचे टाके कापले, आधी एका पुस्तकाचे, मग दुसऱ्याचे. चांगली शिवण कापायला जड जाते, हीही तशीच होती. पहिल्या पुस्तकाचा खरा सहावा फर्मा मोकळा झाला तसा सुनेनं तो हातातून काढूनच घेतला. उभ्याउभ्याच तिनं पहिलं पान पाहिलं, मग उलटलं. तिचे ओठ हलायला लागले. खांद्यावरची पिशवी घसरून कोपरात आली, ती तिनं तशीच राहू दिली. एकदा ती "अच्छा" म्हणाली, कुणालाच नाही. तीन वाजून गेले.

"तुझे सर वाट बघत असतील," बाई म्हणाल्या.

"बघू देत. एवढं पान."

कौतुक नाही, माफी नाही, दोन शब्दही नाहीत. बाई समोर उभ्या होत्या आणि त्यांच्या घरात, त्यांच्या कारखान्यात, त्यांच्याच टेबलाशी त्यांना कुणी पाहत नव्हतं. एरवी असं झालं असतं तर त्यांनी छप्पर डोक्यावर घेतलं असतं. दाभण सुई धरून आला. "ओवू का दोरा? सरस तयार आहे, गार होतोय."

"होऊ दे गार," बाई हळू आवाजात म्हणाल्या. "तिचं वाचून होऊ दे आधी." आणि खिडकीतून येणारा उजेड आपण अडवतोय हे लक्षात आल्यावर त्या तिथून बाजूला झाल्या.